मामाच्या पाठीमागचा घोडा

आमचा मामा म्युझियममध्ये गाईड आहे. पगारी नोकर नाही. म्युझियमनं दिलेला परवाना गळ्यात अडकवायचा, दाराशी उभं राहायचं, आणि ज्यांना गर्दीत ढकलाढकली नको, आपल्या घरच्याच चार माणसांना निवांत सगळं बघायचंय, अशांना आत घेऊन जायचं. याला खासगी टूर म्हणतात. म्युझियम आहे जुन्यापुराण्या कलेचं. दगडाचे राजे, मातीची जनावरं, एका कपाटात नुसते हात, दुसऱ्यात नुसती डोकी. आमच्या गावचं कुणी पहिल्यांदा आलं की हमखास म्हणतं, एवढा मोडका माल सांभाळायला एवढी मोठी इमारत कशाला बांधली असेल. मामाही पहिल्या दिवशी हेच म्हणाला होता. तो तिथं मुळात गेला होता खुर्च्या वाहायला. कसलासा समारंभ होता, पाहुणे येऊन उभे राहिले आणि त्यांचा गाईड आलाच नाही. मामाच्या दोन्ही काखांत खुर्च्या. पाहुण्यांतल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, हा समोरचा कोण हो? मामानं खुर्च्या खाली ठेवल्या आणि बोलायला लागला. त्या खुर्च्या त्यानं परत काही उचलल्या नाहीत.

आता मामाला यातलं काय येत होतं? त्या दिवशी शष्प येत नव्हतं. पण तो आमच्या घरातला. आमच्या घरात लग्नाला जाऊन आलेलं माणूस जेवणात काय होतं ते नंतर सांगतं, आधी कोण कुणावर का रुसलं होतं ते सांगतं. मामानं तोच धंदा दगडांवर चालवला. पुढं त्यानं पुस्तकं वाचली, साल-शतकं पाठ केली, पण सांगायची रीत तीच ठेवली. सगळं म्युझियम त्याच्या तोंडी एक एकत्र कुटुंब होतं. पहिल्या दालनातला नाक तुटलेला राजा हा सासरा. त्याच्या उजवीकडचा ढेरपोट्या हा घरजावई, दोन दिवसांसाठी आला होता तो अजून तिथंच बसलाय. आणि दुसऱ्या दालनातली, केसांशी हात नेलेली ती बाई, ती धाकटी सून. तिच्यावर मामाची सगळी टूर उभी होती.

म्युझियममध्ये त्याला खेकडा म्हणत. कारण तो उलटा चालायचा. तोंड गिऱ्हाईकांकडं, पाठ मूर्तींकडं, आणि पावलं मागं मागं. पायरी कुठं आहे, गालिचा कुठं संपतो, खांब कुठं आडवा येतो, हे सगळं त्याच्या टाचांना पाठ. खेकडा तिरका चालतो, उलटा नाही, असं मी एकदा तिथल्या मिशीवाल्या रखवालदाराला सांगून बघितलं. तो म्हणाला, तुमच्या ओढ्यातला चालत असेल तिरका, आमचा हा असाच चालतो.

मामाचं यामागं शास्त्र होतं. आधी गोष्ट सांगायची, गिऱ्हाईकाला मूर्तीकडं बघू द्यायचं नाही. गोष्ट पिकत आली की अंगठा खांद्यावरून मागं करायचा आणि म्हणायचं, हं, आता बघा. लोक मूर्तीकडं बघायचे, मामा लोकांच्या तोंडांकडं. दगड काय, आज आहे तसा उद्याही असणार. बघण्यासारखं जे काय होतं ते तोंडावर होतं, असं त्याचं म्हणणं. त्यामुळं झालं असं की, इतकी वर्षं ज्यांच्या जिवावर मामा जेवला, त्या मूर्तींची आणि त्याची समोरासमोर गाठ फार दिवसांत पडली नव्हती.

सराव घरी चालायचा, स्वयंपाकघरात. गॅसचा सिलिंडर म्हणजे घरजावई, कपडे धुवायचं मशीन म्हणजे सासरा, आणि दारामागची केरसुणी म्हणजे धाकटी सून. मामी कांदा चिरता चिरता ऐकायची. इतकं ऐकलं होतं की मामा कुठं अडकला तर ती मागं न बघता पुढचा शब्द द्यायची. म्युझियममध्ये मात्र तिनं पाऊल टाकलेलं नव्हतं. मी एकदा विचारलं तर म्हणाली, हे घरी एवढं ऐकते, ते काय तिकीट काढून ऐकू?

असं सगळं सुरळीत चाललेलं असताना म्युझियमला नव्या मॅडम आल्या. माझ्या थोरल्या बहिणीच्या वयाच्या, केस आखूड, पायात आवाज न करणारे बूट, त्यामुळं त्या कधी मागं येऊन उभ्या राहतील पत्ता लागायचा नाही. त्यांनी कानाला लावायची यंत्रं आणवली. मूर्तीसमोर जाऊन बटण दाबलं की यंत्र हव्या त्या भाषेत माहिती सांगतं, आणि चहाला म्हणून मधेच पसार होत नाही. मग एवढ्या गाईडांचं काय करायचं? मॅडमनी सगळ्यांना बोलावून सांगितलं की परवाने नवे करायचे आहेत. प्रत्येकाच्या एका टूरमागून त्या स्वतः चालतील, एक अक्षर बोलणार नाहीत, आणि शेवटी ठरवतील. मामाच्या आधी तिघांच्या मागून त्या चालल्या होत्या. दोघांचे परवाने गेले.

मामानं घरी येऊन हे हसत हसत सांगितलं, पण त्या रात्री ताटात भाकरी तशीच राहिली. परवाना गेला तर करायचं काय? खुर्च्या वाहायचं वय उलटून गेलेलं, आणि बोलण्याखेरीज दुसरं काही येत नाही. मामी म्हणाली, येतं की, उलटं चालता येतं. पण ते म्हणताना तिचा हातही पोळपाटावर थांबला होता.

परीक्षेच्या दिवसासाठी मामानं गिऱ्हाईक धरून ठेवलं होतं. एक नवरा-बायको, दोघंही हसरी, पैसेवाली, शंका न विचारणारी. सकाळी त्यांचा फोन आला की हॉटेलच्या गादीनं नवऱ्याची कंबर धरली आहे, उठता येत नाही. मॅडम तासाभरात दाराशी येणार आणि गिऱ्हाईकच नाही. मी त्या वेळी दाढ काढायला म्हणून मामाकडं आलो होतो, गाल भोपळ्यासारखा सुजलेला. मामानं घरी फोन केला आणि सांगितलं, दोघं असाल तसे निघा, आज तुम्हीच गिऱ्हाईक.

मामीनं ठेवणीतले कपडे घातले. म्युझियमच्या कोपऱ्यावरच्या पानटपरीमागं मामानं आम्हाला धडा दिला. आम्ही परगावचे, मावशी-भाचे. ओळख दाखवायची नाही. मी ठरलेल्या जागी हसायचं. मामीनं पुढचा शब्द द्यायचा नाही, मान डोलवायची नाही, आणि काही झालं तरी नवऱ्याशी बोलतात तसं बोलायचं नाही. मामी म्हणाली, मग कसं बोलू? मामा म्हणाला, परक्या माणसाशी बोलतेस तसं, गोड.

दाराशी मॅडम आल्याच होत्या. रखवालदारानं मला ओळखलं, मिशी हलली, पण मामानं असा डोळा वटारला की ती जागेवर बसली. तरी तो मामाजवळ येऊन म्हणाला, जरा आतलं एक सांगायचं होतं. मामा म्हणाला, नंतर. तो म्हणाला, नंतर कशाला, दोनच शब्द आहेत. मामा म्हणाला, अरे नंतर म्हटलं ना. आणि आम्हाला घेऊन उलटा आत गेला.

पहिलं दालन मामानं मारलं. नाक तुटलेल्या सासऱ्याचं नाक कसं गेलं याच्या त्यानं तीन हकिकती सांगितल्या, खरी कुठली ते तुम्हीच ठरवा म्हणाला. घरजावयाच्या वेळी मी ठरल्याप्रमाणं हसलो. सुजल्या गालानं ते हसू रडल्यासारखं आलं, पण आलं. मामी गोड बोलायच्या नादात दर वाक्याला अगबाई म्हणत होती. मॅडम हात मागं बांधून चार पावलांवर उभ्या. एकदा त्यांच्या ओठाचा कोपरा हलल्यासारखा वाटला. मामानं तो टिपला. तिथून त्याला चेव चढला.

दुसऱ्या दालनात आदल्याच दिवशी, म्युझियमला सुट्टी असताना, झालं होतं असं, की धाकट्या सुनेमागच्या भिंतीला ओल आली. म्हणून मॅडमनी तिला उचलून आतल्या खोलीत हलवलं, भिंत पुसून घेतली, आणि तो चौथरा मोकळा दिसू नये म्हणून कोठारातून एक मातीचा घोडा आणून ठेवला. घोडा चांगला वासराएवढा, तीन पायांचा, चौथ्या पायाच्या जागी लोखंडी गज. रखवालदाराचे दोन शब्द हेच होते.

मामा उलटा चालत आला आणि टाचांना ठाऊक असलेल्या जागी थांबला. आम्हाला सगळं समोर दिसत होतं. त्याला आम्ही दिसत होतो.

त्यानं धाकट्या सुनेची गोष्ट सुरू केली. आवाज खाली आणला. एवढ्या मोठ्या घरात ही एकटीच कुणाला भीत नव्हती, म्हणाला. सासरा दिवाणखान्यात गरजतोय आणि ही आत केस विंचरत बसलीये. मग अंगठा मागं गेला. "हं, आता बघा."

आम्ही बघतच होतो. मामीचं तोंड उघडं पडलं. मॅडमच्या भुवया वर गेल्या. मामाला वाटलं, काय पकडलंय आपण यांना. तो आणखी रंगात आला. मानेचा तो बाक बघा म्हणाला, असा बाक साऱ्या घराण्यात दुसऱ्या कुणाचा नाही. मानेवरून सोडलेले ते केस बघा. एक पाय उचलून उभं राहायची ती ऐट बघा. आणि हे बोलताना माझ्याकडं डोळे मोठे करत होता, कारण हसायची जागा आली होती. मी हसलो. ते ठरलेलं हसू नव्हतं. दाढेतून कळ मस्तकात गेली तरी थांबेना. मामा खूश. म्हणाला, हसताय, पण तिच्याकडं बघा, तीही हसतेय. तोंड किंचित उघडं आहे, दात दिसतात न दिसतात.

घोड्याचे दात चांगले दिसत होते.

मामी एकदा मॅडमकडं बघे, एकदा घोड्याकडं, एकदा मामाकडं. पुढचं वाक्य काय आहे ते तिला पाठ होतं. पुढं मामा म्हणणार होता की सकाळी उठून हिच्याशी बोलत बसावंसं वाटतं. तेवढं तिला ऐकवेना.

"अहो, पुरे करा आता," ती म्हणाली. "मागं घोडा आहे."

मामा हसत होता तो तसाच राहिला. मग वळला. इतक्या जवळ घोडा असेल असं त्याला वाटलं नव्हतं. नाकाला नाक लागायचं तेवढं बाकी राहिलं.

मॅडम पहिल्यांदा बोलल्या. ओरडल्या नाहीत. घोडा का आणला, सून कुठं गेली ते सांगितलं, आणि म्हणाल्या, ठीक आहे, आता या घोड्याबद्दल सांगा. मामानं घसा खाकरला. हा सासऱ्याच्या बसण्यातला घोडा, असं सुरू केलं आणि तिथंच थांबला. घोड्याचं एक वाक्य त्याच्याकडं नव्हतं. मी मामाला गप्प असा त्याआधी फक्त झोपेत बघितला होता, आणि झोपेतही तो पूर्ण गप्प नसतो.

मग मामीनंच विचारलं, गिऱ्हाईक म्हणून की बायको म्हणून ते तिचं तिला ठाऊक, की याचा चौथा पाय कुठं गेला? मामा म्हणाला, माहीत नाही. आणि खरंच बघायला लागला. वाकला. गजाभोवती फिरला. गुडघे टेकले, मान तिरकी केली आणि घोड्याच्या पोटाखाली डोकं घातलं. मग म्हणाला, इथं अंगठा आहे. म्हणजे कुणाचा तरी उमटलाय.

मामी खाली बसली, तिचे गुडघे कडकडले. तिनं बघितलं आणि म्हणाली, घाईत होता, पोट गुळगुळीत करायचं राहून गेलं त्याचं. मॅडमही आल्या, ते आखूड केस सावरत फरशीवर मांडी घालून बसल्या आणि फोनचा उजेड धरला. म्हणाल्या, तो अंगठा आम्हाला ठाऊक आहे, पण जरा डावीकडं बघा. तिथं आणखी एक ठसा होता, लहान.

"बायकोचा असेल," मामी म्हणाली. "घोड्याचं पोट धरून ठेव म्हणून तिला बसवलं असेल खाली."

"असेल," मॅडम म्हणाल्या. "ते आम्हालाही माहीत नाही."

तिघंही घोड्याखाली, आणि मी गाल धरून बाहेर उभा. शाळेची एक रांग आली आणि त्या पोरांना वाटलं म्युझियममध्ये असंच बघायचं असतं; तीही भराभर खाली बसली. त्यांना उठवता उठवता रखवालदाराची मिशी घामानं ओली झाली.

पुढचं मॅडमच्या खोलीत झालं. मॅडमनी आम्हाला पाणी दिलं आणि मामाला विचारलं की ही गिऱ्हाईकं कोण? मामा म्हणाला, परगावची. मॅडम म्हणाल्या, ज्या सुरात यांनी घोडा आहे म्हणून सांगितलं, तो सूर तिकीट काढून आलेल्या बाईचा नसतो. मामा म्हणाला, बायको आहे, आणि हा बहिणीचा मुलगा. मॅडम त्यावर काही रागावल्या नाहीत. त्या रागावल्या होत्या दुसऱ्याच गोष्टीवर. त्या सुनेकडं तुम्ही शेवटचं कधी बघितलंत, असं त्यांनी विचारलं. मामानं पुष्कळ आठवून बघितलं आणि सांगितलं की नाही आठवत.

परवाना त्यांनी दिला नाही, काढूनही घेतला नाही. पुढच्या सुट्टीच्या दिवशी म्युझियम बंद असताना या, म्हणाल्या, रखवालदार दार उघडेल, सगळं एकदा बघून घ्या. मग खऱ्या गिऱ्हाईकांना घेऊन परत मला टूर ऐकवा. आज ऐकवली ती नको.

बाहेर आल्यावर मामा तणतणला. इतकी वर्षं काढली आणि आता आम्हाला बघायला शिकवतायत, वगैरे. मामी म्हणाली, शिकवतायत तर शिका, फुकट आहे. मी येते बरोबर, मलाही बघायचंय ती कोण आहे. कोण, मामानं विचारलं. जिच्याशी सकाळी उठून बोलत बसावंसं वाटतं ती, मामी म्हणाली.

सुट्टीच्या दिवशी दोघं गेली. मी दाढ काढून गावी परतलो होतो, पण दोघांनीही फोनवर वेगवेगळं सांगितलं आणि रखवालदारानं नंतर तिसरं सांगितलं, त्यावरून जे जमलं ते असं. रिकाम्या म्युझियममध्ये मामाला सरळ चालता येईना. दोनदा खांबाला धडकला. सासऱ्यापुढं उभा राहिला आणि त्याला नवीनच दिसलं की नुसतं नाकच नव्हे, एक कानही गेलाय. घरजावई त्याला वाटत होता त्याहून बराच बारीक निघाला. मामी आपली निवांत सगळीकडं हिंडत होती, कपाटातले हात मोजत होती.

सून आतल्या खोलीत होती, खिडकीच्या उजेडात. मामा तिच्यापुढं जाऊन उभा राहिला तो हलेच ना. शेवटी मामीनं येऊन विचारलं, काय झालं?

"ही हसत नाही गं," मामा म्हणाला.

मामीनं जवळ जाऊन बघितलं. "इतकी वर्षं तुमचं ऐकून कोण हसेल?"

दुसऱ्या टूरला ते हॉटेलवाले नवरा-बायको आले, नवऱ्याच्या कमरेला पट्टा. मॅडम मागं. मामा यावेळी गिऱ्हाईकांच्या शेजारून चालला, आणि त्यांची तोंडं दिसत नसल्यामुळं त्याला आपलं कसं चाललंय काही कळेना. पहिल्या दालनात तो इतका वेळ गप्प राहिला की त्या नवऱ्यानं विचारलं, तुमचीही कंबर धरलीय का. घोड्याखाली त्यानं त्या बाईला वाकायला लावलं आणि दोन्ही ठसे दाखवले. लहान ठसा कुणाचा, ते कुणालाच माहीत नाही असं सांगितलं. आणि आतल्या खोलीत सुनेपुढं आल्यावर म्हणाला, मी आजवर हजारो लोकांना सांगितलं की ही हसते. हसत नाही. तुम्हीच बघा. माझी बायको म्हणते, इतकी वर्षं माझं ऐकून कोण हसेल.

पट्टेवाला नवरा हसला आणि कंबर धरून खाली बसला. त्याची बायको त्याला सोडून मूर्तीकडंच बघत राहिली. मॅडम भिंतीकडं तोंड करून उभ्या होत्या आणि त्यांचे खांदे हलत होते, असं रखवालदार शपथेवर सांगतो.

परवाना मिळाला, एका वर्षाचा. पुढच्या वर्षी मॅडम परत मागून चालणार आहेत. मामाची टूर आता पहिल्यापेक्षा कमी बोलण्याची आणि जास्त वेळाची झाली आहे, आणि गिऱ्हाईकं खाली बसत असल्यामुळं बाया त्याला दाराशीच विचारतात की फरशी पुसलेली असते ना. मामीचं ते वाक्य त्यात रोज असतं. मामीनं त्याला बजावलंय की ते माझं आहे, तसं सांगत जा. तो सांगतो, माझी बायको म्हणते म्हणून सांगतो. पण एवढे सासरे-जावई ऐकून झालेले असतात, की लोकांना वाटतं ही बायकोही त्यानं त्यातच कुठं तरी बसवलेली असणार. मग मामी अधूनमधून स्वतः जाऊन दाराशी उभी राहते.